हवामान इशारा (मुंबई उपनगर)

तीव्र पाऊस वा वादळ संभवत असता भारतीय हवामानशास्त्र विभागाने (स्थापना १८७५) जिल्हावार दिलेली पूर्वसूचना. सांताक्रूझला २६ जुलै २००५ रोजी ९४४ मिमी पाऊस झाला. त्यानंतर मुंबईत डॉप्लर रडार आले. चोवीस तासांत ६४.५ मिमीपासून मुसळधार, ११५.६ पासून अतिमुसळधार, २०४.५ पासून अत्यंत मुसळधार पाऊस मानतात. हिरवा, पिवळा, नारिंगी, लाल हे इशाऱ्याचे रंग मात्र केवळ मिमीवर नव्हे, शक्यता व परिणाम यांवर ठरतात. गडगडाटी वादळाची (पहा : गर्जन्मेघ) तात्कालिक सूचना सुमारे तीन तासांपुरती असते. चेंबूरच्या भारतनगरात १८ जुलै २०२१ च्या पहाटे पावसात दरड व भिंत कोसळून १९ जण दगावले. इशारा जिल्ह्यापुरता असतो. अशा टेकडीच्या उताराचा धोका त्यात वेगळा दिसत नाही.