रोटोरुआच्या वाटाड्या स्त्रिया

कोणत्याही क्षेत्रास गेलें म्हणजे देवाच्या आधीं क्षेत्रोपाध्याय भेटतो. स्टेशनाबाहेर तो उभाच असतो. गांव कोणतें, आडनांव कोणतें, हें विचारून तो आपल्या आजोबांची सही असलेली वही काढून दाखवितो, आणि मग घाटापासून कळसापर्यंत जें कांहीं आपण पाहतों तें त्याच्याच बोटाच्या रोखानें पाहतों. परत आल्यावर मात्र आपण घरीं वर्णन करतों तें देवाचें, आणि कुरकुर करतों ती दक्षिणेची. त्या गृहस्थानें काय सांगितलें, कोणत्या शब्दांत सांगितलें, त्याचें नांव काय, हें कोणी लिहून ठेवीत नाहीं. प्रवासवर्णनांचे ढीग चाळतांना आम्हांस वारंवार असें वाटत आलें आहे कीं, या वाङ्मयांत पाहणाराचा इतिहास विपुल आहे, दाखविणाराचा जवळजवळ नाहींच.

या नियमास एक ठळक अपवाद न्यूझीलंडच्या उत्तर बेटांत सांपडतो. निसर्गाचे चमत्कार पाहावयाचे, मूळच्या लोकांची राहणी न्याहाळावयाची आणि संध्याकाळपर्यंत मुक्कामावर परत यावयाचें, अशी एका दिवसाची सहल आज जगभर रूढ झाली आहे. तिचें एक जुनें पीठ म्हणजे रोटोरुआ व त्याच्या भोंवतालचा सरोवरांचा प्रदेश होय. तेथें वाटाड्याचें काम पुष्कळ अंशीं माओरी स्त्रियांनीं केलें, आणि त्यांतील दोघींचीं चरित्रें आज आपणांस बरींच कळतात.

आधीं तो चमत्कार काय होता हें सांगितलें पाहिजे, कारण आतां तो दिसत नाहीं. या मुलखांत पावसाचें पाणी खोल मुरतें, भूगर्भांतील तप्त खडकांनीं उकळतें, आणि त्या खडकांतील सिलिका अंगीं घेऊन पुन्हा वर येतें. पाणी निवलें म्हणजे ती सिलिका थरावर थर बसत जाते. रोटोमहाना नांवाच्या सरोवराच्या कांठीं अशा थरांच्या दोन प्रचंड पायऱ्या बनल्या होत्या. एक पांढरी, सुमारे १०० फूट उतरत आलेली, माथ्यावर उकळत्या निळ्या पाण्याची कढई आणि खालीं पायरीपायरीला पाणी साठलेलीं शुभ्र पात्रें. दुसरी समोरच्या तीरावर, गुलाबी छटेची, स्नानास सोयीच्या कोमट पाण्याची. इंग्रजांनीं त्यांस नुसतें ‘पांढरी’ आणि ‘गुलाबी’ म्हटलें. माओरी लोकांचीं नांवें याहून पुष्कळ रसिक आहेत : पांढरीस ते ‘ते ताराता’ म्हणजे गोंदलेला खडक म्हणत, आणि गुलाबीस ‘ओतूकापुआरांगी’ म्हणजे ढगाळ आकाशाचा झरा.

या अग्नीची उपपत्तिही त्यांच्यापाशीं होती. ते आरावा नांवाच्या नौकेंतून त्यांचे पूर्वज या बेटावर आले. त्या नौकेवरील न्गातोरोइरांगी हा ऋषितुल्य पुरुष टोंगारीरो पर्वतावर चढला असतां थंडीनें गारठून मरणोन्मुख झाला. तेव्हां त्यानें दूरच्या हावाइकी भूमींतील आपल्या बहिणींस हांक मारली, आणि त्यांनीं पाठविलेला अग्नि समुद्राखालून व जमिनीखालून वाटेंत ठिकठिकाणीं डोकें वर काढीत त्याच्यापर्यंत पोंचला. समुद्रांतील व्हाकारी या ज्वालामुखी बेटापासून रोटोरुआवरून टोंगारीरोपर्यंत नकाशावर रेघ ओढली तर आधुनिक भूशास्त्रज्ञ ज्याला ज्वालामुखी पट्टा म्हणतात तोच नेमका हातीं लागतो. आमच्या वज्रेश्वरीस ऊन पाण्यापाशीं आपण देऊळ बांधलें. माओरी लोकांनीं कथा तर सांगितलीच, पण त्याच पाण्यांत बटाटेही उकडले, कपडेही धुतले आणि थंडींत अंगही शेकलें. पवित्र आणि उपयुक्त यांत त्यांस विरोध दिसला नाहीं.

१८७० सालीं राणी व्हिक्टोरियाचा पुत्र आल्फ्रेड येथें येऊन गेला आणि या पायऱ्यांची कीर्ति साम्राज्यभर झाली. १८७२ त कादंबरीकार ट्रॉलप येऊन गेला, १८८५ त इतिहासकार फ्रूड. सहलीचा क्रम ठरून गेला होता. ते वाइरोआ या खेड्यांतील हॉटेलांत रात्रीं उतरावयाचें. सकाळीं माओरी वल्हेकऱ्यांच्या होडीनें तारावेरा सरोवर ओलांडावयाचें, पलीकडे पायीं थोडें चालून रोटोमहाना गांठावयाचें. पांढऱ्या पायऱ्या चढून पाहावयाच्या. मग झऱ्याच्याच पाण्यांत उकडलेले बटाटे व गोड्या पाण्यांतील झिंगे यांचें जेवण. मग लहान होडींतून पलीकडे जाऊन गुलाबी पायऱ्यांत स्नान, आणि ओढ्याच्या प्रवाहाबरोबर परत.

हा सर्व व्यवहार तूहोउरांगी या शाखेच्या लोकांच्या हातीं होता. जमीन त्यांची, होड्या त्यांच्या, वाटाडे त्यांचे. होडीचें भाडें ते घेत, वाटाड्याचें घेत, आणि पायऱ्यांचें चित्र काढावयाचें किंवा छायाचित्र घ्यावयाचें तर त्याचेंही घेत. यावर त्या काळच्या गोऱ्या प्रवाशांनीं जो त्रागा केला आहे तो वाचण्यासारखा आहे. स्वदेशांत नाट्यगृहाचें तिकीट निमूटपणें काढणाऱ्या या मंडळींस येथें मात्र निसर्ग हा सर्वांचा, त्याचें मोल कसलें, असें तत्त्वज्ञान सुचलें. आमच्या मतें तूहोउरांगी लोकांनीं त्या काळीं जें ओळखलें तें मोठ्या मार्मिकपणाचें होतें : देखावा हीही मिळकत आहे, आणि चित्र घेऊन जाणारा त्या मिळकतींतला कांहीं अंश घेऊनच जातो. मात्र एवढ्यानें सर्व कांहीं गोड होतें असें नव्हे. पैसा आला तशी दारूही आली, शेती मागें पडली, आणि ज्या मिशनऱ्यांनीं हें खेडें वसविलें होतें त्यांचा प्रयोग मोडला. १८८१ च्या सुमारास तेथें हिनेमिही नांवाचें एक कोरीव सभागृह उभें राहिलें. माओरी कोरीव मूर्तींच्या डोळ्यांत शिंपल्याचे तुकडे बसविण्याचा प्रघात. या सभागृहाच्या मूर्तींस सोन्याच्या नाण्यांचे डोळे होते. कोणी यांत उन्माद पाहील, कोणी विनोद. आम्हांस दोन्ही दिसतात.

येथें एक गोष्ट कबूल करणें बरें. कांहीं वर्षांपूर्वीं आम्हीही सहकुटुंब डहाणूकडील एका वारली पाड्यावर अशीच दिवसाची सहल केली. तारप्यावरचें नृत्य पाहिलें, भिंतीवरील चित्रें पाहिलीं, मुलांस खाऊ वाटला आणि दिवेलागणीस परतलों. दिवसभर आम्हांस हिंडविणारी, प्रत्येक चित्राचा अर्थ सांगणारी एक मध्यम वयाची बाई होती. तिचें नांव आम्हांपैकीं कोणीही विचारलें नाहीं. सोफियाचें चरित्र वाचतांना ही आठवण आम्हांस फार बोंचली.

सोफिया हिनेरांगी, माओरी नांव ते पाएआ, ही या वाटाड्या स्त्रियांत अग्रगण्य. तिचा बाप स्कॉच, आई माओरी. जन्म १८३० नंतरच्या चार-पांच वर्षांतला, बेटाच्या उत्तर टोंकास कोरोरारेका येथें. मिशनऱ्यांच्या घरीं वाढल्यामुळें तिचें इंग्रजी चांगलें होतें. दोन विवाहांचीं मिळून सतरा अपत्यें तिला झालीं असें ती सांगे. आजच्या सुशिक्षित वाचकास दुभाषी म्हणजे शब्दांस शब्द देणारा असें वाटतें. सोफियाचें काम याहून अवघड होतें. कोणत्या दगडावर पाय टाकला असतां कवच फुटेल, कोणता झरा किती वेळानें उसळेल, कोणत्या जागेची कथा परक्यास सांगावी आणि कोणती सांगूं नये, हें सारें तिला क्षणोक्षणीं ठरवावें लागे.

३१ मे १८८६ रोजीं ती प्रवाशांची एक टोळी घेऊन तारावेरा सरोवरावर निघाली. त्या सकाळीं तळ्याचें पाणी एकाएकीं चढलें व उतरलें होतें. पुढें गेल्यावर दूर एक युद्धनौकेच्या घाटाची होडी दिसली. तशी होडी त्या सरोवरांत नव्हती. ती माओरींनीं पाहिली तशी गोऱ्या प्रवाशांनींही पाहिली, आणि दोघांच्याही साक्षी नमूद आहेत. पाण्याच्या लाटेनें एखादें जुनें स्मशाननौकेचें लांकूड तळांतून वर आलें असेल, अशी एक उपपत्ति पुढें मांडण्यांत आली. तूहोतो नांवाच्या अतिवृद्ध तोहुंगानें, म्हणजे मंत्रवेत्त्यानें, मात्र हा अरिष्टाचा संकेत आहे असें सांगितलें.

दहा दिवसांनीं, १० जूनच्या मध्यरात्रीनंतर, तारावेरा पर्वत फुटला. सुमारे १७ किलोमीटर लांबीची भेग पर्वतापासून रोटोमहानाच्या तळांतून आरपार गेली. सरोवर वाफ होऊन उडालें, आणि चिखल व राख यांचा पाऊस पहांटेपर्यंत पडत राहिला. ते आरिकी आणि मोउरा हीं खेडीं मुळासकट गाडलीं गेलीं. सुमारे १२० माणसें मेलीं, बहुतेक सर्व माओरी. ते वाइरोआस घरांमागून घरें चिखलाच्या भारानें बसलीं. सोफियाच्या घराचें छप्पर उभ्या उताराचें व मजबूत होतें. तेथें साठांहून अधिक माणसें जीव धरून राहिलीं. सोन्याच्या डोळ्यांच्या हिनेमिहींतही कांहीं लोक आढ्यास बांकांचे टेकू देऊन वांचले. तूहोतोस त्याच्या पुरलेल्या झोंपडींतून चौथ्या दिवशीं जिवंत उकरून काढलें, पण रुग्णालयांत तो लवकरच मेला. त्यानेंच मंत्र घालून हें केलें असें कित्येकांस वाटत होतें. पायऱ्या नाहींशा झाल्या. नव्यानें भरलेल्या, पूर्वीपेक्षां कितीतरी मोठ्या सरोवराच्या तळाशीं त्यांचा कांहीं भाग शाबूत आहे असें २०११ त कांहीं शास्त्रज्ञांनीं ध्वनिलहरींच्या साह्यानें सांगितलें. दुसऱ्यांनीं तो तीरावरील राखेंत शोधला. वाद मिटलेला नाहीं.

तूहोउरांगी लोकांची भूमि गेली, मिळकत गेली. त्यांच्या आप्तांनीं त्यांस रोटोरुआजवळील व्हाकारेवारेवा येथें, उसळत्या कारंज्यांच्या व खदखदत्या चिखलाच्या परिसरांत, जागा दिली. सोफियाही तेथें आली आणि पुन्हा वाटाडी झाली. परंतु आतां यजमान बदलला होता. १८८१ च्या कायद्यानें या उष्णोदक प्रदेशांतील माओरी जमिनी व्यवहारांत घेण्याचा अधिकार सरकारनें आपल्या हातीं ठेवलाच होता. १८९४ त आगगाडी आली, १९०१ त प्रवाशांसाठीं स्वतंत्र सरकारी खातेंच निघालें. जे लोक कालपर्यंत होडीचें भाडें स्वतः ठरवीत होते, ते परवान्याचे वाटाडे झाले. हिनेमिही १८९२ त गव्हर्नर ऑन्स्लो यानें ५० पौंडांस विकत घेतलें आणि इंग्लंडांत सरे परगण्यांतील आपल्या बागेंत नेऊन उभें केलें. सोफिया १९११ त वारली.

तिच्या हाताखालच्या पिढींत मकेरेती ही निघाली. जन्म १८७३; बाप इंग्रज; बाळपण आईच्या वडीलधाऱ्यांपाशीं गेलेलें, त्यामुळें वंशावळी व आख्यानें तिला मुखोद्गत. प्रवासी तिला मॅगी म्हणत. एकानें आडनांव विचारलें, तेव्हां समोर पापाकुरा नांवाचें कारंजें होतें. तिनें तेंच सांगितलें, आणि मॅगी पापाकुरा या नांवानें ती दोन खंडांत प्रसिद्ध झाली. १९०१ त युवराज व युवराज्ञी यांस तिनें हा परिसर दाखविला. १९०५ त सहलीची मार्गदर्शिका तिनें स्वतःच लिहिली. १९११ त आपल्या लोकांचें एक गायन-नर्तन मंडळ घेऊन ती लंडनला गेली; पुढें एका इंग्रज गृहस्थाशीं विवाह करून ऑक्सफर्डच्या परिसरांत स्थायिक झाली.

आणि तेथें तिनें मानववंशशास्त्राचा अभ्यास आरंभिला. ही गोष्ट आम्हांस या सर्व इतिहासांत अत्यंत महत्त्वाची वाटते. ज्या शास्त्रांत माओरी हा अभ्यासाचा विषय होता, त्यांत एक माओरी स्त्री अभ्यासक म्हणून बसली, आणि अनेक वर्षें प्रवाशांच्या प्रश्नांस तोंडीं दिलेलीं उत्तरें आपल्या क्रमानें, आपल्या मापानें लिहूं लागली. विवाह कसे होत, मूल कसें वाढवीत, अन्न कसें शिजवीत, घर कसें बांधीत, हें तिच्या लेखनांत बाहेरून पाहिलेलें नाहीं. १९२६ त ती मुद्दाम मायदेशीं जाऊन आपल्या वडीलधाऱ्यांस हें लेखन दाखवून आली. वाटाड्या असतांना कोणती कथा कोणास सांगावी हा विवेक तिला होता, तो विद्यापीठांतही सुटला नाहीं. प्रबंध परीक्षेस जाण्यापूर्वींच, एप्रिल १९३० त, ती एकाएकीं वारली. ऑक्सफर्डजवळील ऑडिंग्टन येथें तिचें थडगें आहे. तिचा मित्र पेनिमन यानें अपुरें लेखन जुळवून १९३८ त ग्रंथरूपानें छापविलें. विद्यापीठानें तिला मरणोत्तर पदवी दिली ती २०२५ त.

इकडे व्हाकारेवारेवाच्या कारंज्यांचेंही दैव पालटत राहिलें. रोटोरुआ शहरानें घरें तापविण्यासाठीं इतकीं नळकूपें खोदलीं कीं कारंजीं मंदावूं लागलीं, आणि १९८६-८७ त पोहुतु कारंज्यापासून दीड किलोमीटरच्या आंतील कूपें सरकारास बंद करवावीं लागलीं. पोहुतु आज पुन्हा शंभर फुटांपर्यंत उसळतो. २००९ च्या कायद्यानें ती दरीही मूळच्या शाखांस परत मिळाली. हिनेमिहीचीं कोरीव लांकडें परत देऊन त्यांच्या बदल्यांत नवीं घ्यावयाचें इंग्लंडांतील संस्थेनें २०१९ त मान्य केलें.

व्हाकारेवारेवाचें खेडें अद्याप नांदतें आहे. वाफेंत अन्न शिजतें, घरामागच्या कुंडांत लोक नाहतात. ओढ्यावरील पुलाखालीं मुलें प्रवाशांनीं टाकलेल्या नाण्यांसाठीं पूर्वीसारखींच बुड्या मारतात. पूल ओलांडला कीं तिकीट काढावयाचें, आणि मग त्याच वंशांतील कोणीतरी पुढें होऊन गांव दाखवूं लागतें. माओरी रीतीनें ओळख सांगावयाची तर आधीं आपल्या पर्वताचें नांव घ्यावयाचें, मग पाण्याचें, मग पूर्वजांच्या नौकेचें व शाखेचें, आणि शेवटीं स्वतःचें.