रझाकारी आणि त्यानंतरची गप्प घरं

दर १७ सप्टेंबरला गावात झेंडावंदन होतं, पोरं मुक्तिसंग्रामावर भाषणं करतात. त्या भाषणांत न येणारी गोष्ट आज आम्ही सांगणार आहोत.

देश १९४७ साली स्वतंत्र झाला, पण आपण निजामाच्याच राज्यात राहिलो. लातूरला वकिली करणारा कासीम रझवी रझाकारांचा म्होरक्या होता. रझाकारांनी गावं लुटली, घरं जाळली. माणसं लेकरंबाळं घेऊन हद्दीपलीकडे पळाली. १३ सप्टेंबर १९४८ ला भारताची फौज शिरली आणि पाचव्या दिवशी निजाम शरण आला. जुनी माणसं त्याला अजून ‘पोलीस ॲक्शन’च म्हणतात.

इथवर सगळ्यांना ठाऊक असतं. पुढं मात्र रझाकारांवरचा राग गावोगावच्या साध्या मुसलमानांवर निघाला. नेहरूंनी पंडित सुंदरलाल आणि काझी अब्दुल गफार यांना पाहणीला पाठवलं. त्यांनी हात राखून धरलेला मृतांचा आकडा २७ ते ४० हजारांचा आहे. सगळ्यांत जास्त झळ बसलेल्या चार जिल्ह्यांत नांदेड आणि उस्मानाबाद होते. लातूर तेव्हा उस्मानाबादेतच मोडायचं. लातुरात वीस दिवसांहून जास्त कत्तल चालली, असं त्यांनी लिहिलं. बायकांची अब्रू लुटली, कित्येकींना पळवून नेलं. बायका लेकरांसकट विहिरींत बुडाल्या. हा अहवाल कितीतरी वर्षं सरकारी कपाटात पडून होता.

त्यातच हेही आहे, की काही ठिकाणी हिंदू विणकरांनी मुसलमान विणकरांना वाचवलं, त्यापायी जीवही गमावले. हे आम्ही तरी एकाही भाषणात ऐकलेलं नाही.

घरं पुन्हा उभी राहिली, रानं पेरली गेली. बायकांच्या मनातलं मात्र तसंच राहिलं. रझाकारीत होरपळलेली गप्प, पोलीस ॲक्शननंतर होरपळलेली त्याहून गप्प. बोललं तर घराची अब्रू जाणार, लेकीचं लग्न अडणार! दोघी एकाच गावच्या, कदाचित एकाच पाणवठ्यावरच्या. आम्हाला वाटतं, हा गप्पपणाच सगळ्यांत जास्त टिकला.

ते दिवस पाहिलेल्या आज्या आता थोड्याच उरल्यात. बचत गटाच्या बैठकीनंतर अशा एखादीजवळ जाऊन बसा, दोन्ही गल्ल्यांतल्या. रेकॉर्डिंग लगेच काढू नका, कुणाचं नाव विचारू नका. आधी एवढंच विचारा, आजी, त्या साली तुम्ही पाणी कुठून भरायच्या?