लेखणी, पडदा आणि राजसत्ता

राजाश्रय हें कलावंताचें भाग्य समजलें जातें. परंतु एका हातानें दिलेला आश्रय दुसऱ्या हातानें काढून घ्यावयाचा, हा सत्तेचा रिवाज फार जुना आहे. विसाव्या शतकांतील रशियांत तो पुष्कळांनीं अनुभवला. त्यांत अलेक्सेई काप्लेर या पटकथालेखकाचें चरित्र विशेष बोधप्रद आहे.

काप्लेरचा जन्म १९०३ सालीं कीव्ह येथें झाला. तरुणपणीं कोझिन्त्सेव्ह व युत्केविच या मित्रांसह त्यानें तेथें एक लहानशी नाटकमंडळी काढली. ते दोघे पुढें नामांकित दिग्दर्शक झाले. काप्लेरनें मूकपटांत कामें केलीं, दोव्झेन्कोच्या हाताखालीं उमेदवारी केली, आणि अखेर तो लेखणीकडे वळला.

१९३७ सालीं क्रांतीस वीस वर्षें झालीं. त्या उत्सवासाठीं काप्लेरनें ‘ऑक्टोबरमधील लेनिन’ हा बोलपट लिहिला व मिखाइल रोम्मनें तो दिग्दर्शित केला. श्चूकिन या थोर नटानें लेनिन हुबेहूब उभा केला. मात्र लेनिनच्या शेजारीं स्टालिनही होता. इतिहासांत त्याला होती त्याहून कितीतरी मोठी जागा पडद्यावर मिळाली होती. उलट झिनोविएव्ह, कामेनेव्ह या जुन्या सहकाऱ्यांच्या माथीं द्रोहाचा शिक्का बसला. १९३९ सालीं ‘१९१८ मधील लेनिन’ हा पुढील बोलपट आला, आणि १९४१ सालीं लेखकाला स्टालिन पारितोषिक लाभलें.

यानंतर दैव फिरलें. १९४२ च्या अखेरीस स्टालिनची सोळा वर्षांची कन्या स्वेतलाना व चाळिशीस आलेला काप्लेर यांचा स्नेह जुळला. युद्धवार्ताहर म्हणून स्टालिनग्राडला गेलेल्या काप्लेरनें एका लेफ्टनंटनें प्रेयसीस लिहिलेल्या पत्रांच्या मिषानें ‘प्रावदा’ पत्रांत लेख छापला. तिच्या खिडकींतून क्रेमलिनचा तट दिसत असेल, असा त्यांत उल्लेख होता! मार्च १९४३ मध्यें त्याला अटक झाली. पांच वर्षें उत्तर ध्रुववृत्तापलीकडील व्होर्कुटा येथें काढल्यावर १९४८ सालीं मनाई असतांही तो मॉस्कोस आला; त्याबद्दल पुन्हा पांच वर्षें इंटाच्या बंदिछावणींत गेलीं. १९५३ सालीं स्टालिन निवर्तल्यावर त्याची सुटका झाली व पुढील वर्षीं तो निर्दोष ठरला. १९६७ सालीं स्वेतलाना दिल्लीहून पश्चिमेकडे निघून गेली. त्याच वर्षीं तिच्या आठवणी प्रसिद्ध झाल्या, तेव्हां हें प्रकरण जगभर गाजलें.

१९५६ सालीं क्रुश्चेव्हनें स्टालिनच्या व्यक्तिपूजेचा निषेध केला, आणि त्या जुन्या बोलपटांतून स्टालिनचीं दृश्यें कापण्यांत आलीं. पटांतला नायक गेला, लेखक परतला! काप्लेरनें सहलेखकांसमवेत जहाजावरील वाघांचें विनोदी चित्र ‘पट्टेदार सफर’ व बेल्याएव्हच्या कादंबरीवरून ‘उभयचर मानव’ लिहिलें. दोन्हीं अत्यंत लोकप्रिय झालीं. १९६६ पासून कांहीं वर्षें ‘किनोपानोरामा’ या दूरचित्रवाणी कार्यक्रमाचा सूत्रधार म्हणून तो घरोघरीं परिचित झाला. १९७९ सालीं तो वारला.

काप्लेरला झालेली शिक्षा घोर अन्यायाची होती. परंतु त्याच्या बोलपटाचीही एक कहाणी आहे. सत्तेच्या सोयीसाठीं त्यांत एक पुरुष मोठा केला गेला, आणि सत्तेच्याच सोयीसाठीं तो पुसला गेला. दोन्ही वेळां प्रेक्षकाला खरा इतिहास मिळाला नाहीं. लेखणी गहाण पडली म्हणजे लेखकाचें आयुष्य तर धोक्यांत येतेंच. पण त्याहून मोठें नुकसान वाचकाचें व प्रेक्षकाचें होतें, आणि तें भरून काढावयास पिढ्या लागतात.