सोंगाचे वतन

सगळी सोंगे आणता येतात, पैशाचे सोंग आणता येत नाही, ही म्हण ज्याने प्रथम उच्चारली त्याच्या लेखी सोंग म्हणजे निव्वळ बतावणी होती. परंतु जव्हार-मोखाड्याच्या डोंगराळ मुलखात हाच शब्द निराळ्या प्रतिष्ठेने वावरतो. फाल्गुनापासून वैशाखापर्यंत तेथे गावोगाव जो बोहाडा होतो, त्यात मुखवटा बांधून नाचणाऱ्या देवदैत्यांना सोंगे म्हणतात, आणि अमुक सोंग अमुक घराण्याचे, असा मामूल पिढ्यान्‌पिढ्या चालत आलेला असतो. ज्या वतनाला सनद नाही, ज्याची नोंद कोणत्याही दप्तरी नाही आणि ज्यातून दमडीची प्राप्ती नाही, असे हे वतन आहे.

या मुलखाचा राजकीय इतिहास दुपदरी आहे. जव्हार हे मुकणे घराण्याचे कोळी संस्थान. १३४३ मध्ये दिल्लीच्या सुलतानाने त्या घराण्याच्या राजास निमशाह हा किताब दिला, आणि संस्थान १९४८ मध्ये विलीन झाले. मोखाडा मात्र इंग्रजी अमलात ठाणे जिल्ह्याच्या शहापूर तालुक्याचा पेटा होता. एकीकडे दरबार, दुसरीकडे कलेक्टरची कचेरी. पण बोहाड्याने ही सरहद्द कधी मानली नाही, आणि पेठ-सुरगाण्याकडे व डांगातही तो थोड्याफार फरकाने आढळतो. वारली, कोकणा, महादेव कोळी, ठाकर या साऱ्यांचा त्यात भाग असतो.

मोखाड्याचा जगदंबेचा बोहाडा विशेष नावाजलेला. सोंगांची संख्या ५२ सांगतात. प्रारंभी गणपती आणि शारदा येतात, अखेरीस देवी महिषासुराचा वध करते. या दोन टोकांच्या मधली जी दीर्घ रात्र, ती खंडेराव, नरसिंह, रावण, त्राटिका, वेताळ अशा सोंगांची असते. संबळ आणि पिपाणी वाजत असतात, दोहों बाजूंस लोक बसलेले असतात, आणि मधल्या वाटेवर मशालींच्या उजेडात सोंग आपल्या चालीने पुढे येते, मागे सरते, पुन्हा पुढे येते. संवादावर येथे फारशी भिस्त नाही, सलग कथानकही नाही. जे सांगायचे ते पावलांनी आणि खांद्यांनी सांगायचे, कारण चेहरा लाकडाचा अथवा कागदाच्या लगद्याचा असतो व तो हलत नाही. माझ्या मते याच मधल्या सोंगांत बोहाड्याचा प्राण आहे. आरंभ व शेवट देवांच्या पुण्याईवरच तरून जातात.

ही मधली सोंगे म्हणजे बोहाड्यातले दुय्यम नट, आणि दुय्यम नटाची कीर्ती ही वस्तू मोठी चमत्कारिक. फ्रेंच चित्रपटांतील मार्सेल दालिओ हा नट पाहा: दिग्दर्शक रन्वारच्या १९३७ व १९३९ च्या दोन श्रेष्ठ चित्रपटांत त्याने महत्त्वाच्या भूमिका केल्या, आणि पुढे जर्मनांच्या भीतीने परागंदा होऊन अमेरिकेस पोहोचल्यावर ‘कासाब्लांका’त जुगाराच्या टेबलावरील एका नोकराचे किरकोळ काम त्याच्या वाट्यास आले. तो ज्यू होता. त्याच्या पाठीमागे नाझींनी त्याचेच छायाचित्र ‘नमुनेदार ज्यू’ म्हणून भित्तिपत्रकांवर छापले. त्याचा स्वतःचा चेहरा इतरांनी मुखवटा करून वापरला. बोहाड्यातील वेताळाला हा धोका नाही. रात्रभर पाहूनही परक्या प्रेक्षकास त्याचा चेहरा ठाऊक होत नाही, आणि गावकऱ्यांस तर तो मुखवट्याआडही ठाऊक असतो, कारण त्याच्या बापाची चाल त्यांनी पाहिलेली असते.

जव्हारजवळच्या रामखिंडीत आजही मुखवटे घडतात, आणि त्यांतले बरेचसे आता शहरांतल्या दिवाणखान्यांच्या भिंतींसाठी विकत घेतले जातात. कारागिराच्या चुलीस त्याने आधार होतो, म्हणून मी त्यास नावे ठेवीत नाही. मात्र भिंतीवरच्या रावणास संबळ ऐकू येत नाही. पैशाची ही गरज कारागिरापुरतीच नाही; ज्यांच्या घरी सोंगाचा मान आहे त्यांतील कित्येकजण दिवाळीनंतर भिवंडी-वसईकडच्या वीटभट्ट्यांवर मजुरीस उतरतात आणि शिमग्याला गावी परततात. म्हणीतले पैशाचे सोंग त्यांनाही आणता येत नाही.

वाचकांपैकी कोणी फाल्गुनात मोखाड्यास जाणार असेल, तर एवढेच सांगतो की केवळ महिषासुराचा वध पाहण्यासाठी पहाटे जाऊन उभे राहू नका. दिवे लागता लागता पोहोचा, आणि मध्यरात्रीनंतर ज्या सोंगाचे नाव तुम्हांस ओळखता येणार नाही, ते येईपर्यंत बसा.