कोट्याचा मासा

गोदावरी म्हटलं की आपण नाशिककर रामकुंडापाशीच थांबतो. फार तर गंगापूर धरण, नाहीतर नांदूरमध्यमेश्वरचे पक्षी. पण हीच नदी नांदेडच्या पुढे तेलंगणात शिरते आणि गडचिरोली जिल्ह्यात सिरोंच्याजवळ पुन्हा महाराष्ट्राच्या हद्दीला येऊन लागते. तिथे तिला प्राणहिता मिळते. या संगमाच्या थोडं वर, प्राणहितेच्या काठी कोटा नावाचं लहानसं गाव आहे. भूगर्भशास्त्राच्या पुस्तकांत हे गाव गेली पावणेदोनशे वर्षं आहे, आणि ते एका माशामुळे.

आपल्याकडे ब्रह्मगिरीपासून पांडवलेण्यांपर्यंत सगळा काळा पाषाण, म्हणजे सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वी थिजलेला लाव्हा. कोट्याचा चुनखडक याहून कितीतरी जुना, ज्युरासिक काळातला. म्हणजे ढोबळमानाने सतरा ते एकोणीस कोटी वर्षांपूर्वीचा. तेव्हा सह्याद्री नव्हता आणि गोदावरीही नव्हती. कोट्याला मात्र गोड्या पाण्याचं तळं होतं. त्यात मेलेले मासे तळाच्या गाळात रुतले आणि गाळाबरोबर त्यांचाही दगड झाला.

१८५१ साली लंडनच्या जिऑलॉजिकल सोसायटीच्या नियतकालिकात कर्नल साइक्स यांनी दख्खनच्या पठारावरच्या या जीवाश्म माशाविषयी लेख लिहिला. माशाचं वर्णन केलं सर फिलिप एगर्टन यांनी, आणि नाव दिलं 'लेपिडोटस डेक्कनेन्सिस'. हे साइक्स म्हणजे आपले जुने परिचित. १८२४ पासून मुंबई सरकारसाठी त्यांनी दख्खनची पाहणी केली, आणि हिशेब लिहिता लिहिता इथले पक्षी आणि नद्यांतले मासेही नोंदवले. 'खुद्री', 'मुसुल्ला', 'पोटेल' ही माशांची इथली नावं त्यांनी थेट शास्त्रीय नावांत घेतली. पुण्याच्या मुळा-मुठेतला महसीर आजही जगभर 'टोर खुद्री' म्हणूनच ओळखला जातो. जिवंत माशांना मराठी नावं देणाऱ्या माणसाच्याच हातून दख्खनचा हा मेलेला मासाही जगापुढे यावा, याची मला मोठी गंमत वाटते.

मासा दिसायला कसा? अंगावर चौकटच्या पानासारखे जाड, चकचकीत खवले, एकात एक अडकवलेले, जणू चिलखतच. असं चिलखत घालणारे मासे आता थोडेच उरलेत. उत्तर अमेरिकेतला गार हा त्यांतला एक. हाडं विस्कटली तरी हे खवले टिकतात, म्हणून अशा माशांचा माग लागतो.

पण या माशाचं खरं महत्त्व वेगळंच होतं. त्या काळी खडकाचं वय मोजायची यंत्रं नव्हती. एका देशातला जीवाश्म दुसऱ्या देशातल्या जीवाश्माशी जुळवून पाहायचा, एवढाच मार्ग. एगर्टन यांना हा मासा युरोपातल्या 'लायस' नावाच्या थरातल्या माशांचा भाऊबंद वाटला आणि त्यावरून कोट्याच्या खडकाचं वय ठरलं. यात एक मेख होती. युरोपातला लायस समुद्रात साचलेला, कोट्याचा चुनखडक तळ्यातला. समुद्राच्या मापाने तळं मोजायचं, तर घोळ होणारच! कोट्याचं नेमकं वय किती, हा वाद पुढे शंभर वर्षांहून अधिक काळ रेंगाळला.

तेव्हा हा मुलूख निजामाच्या राज्यात होता. डॉ. बेल यांनी कोट्याला जमिनीत बोअर घेतले आणि १८५२-५३ मध्ये त्यांचे वृत्तांत लंडनला छापून आले. नागपूरचे पाद्री स्टीफन हिस्लॉप यांनीही या भागातल्या थरांचा अभ्यास केला. पुढची मोठी मजल मारली ती कोलकात्याच्या इंडियन स्टॅटिस्टिकल इन्स्टिट्यूटने. सिरोंचा तालुक्यात पोचमपल्लीजवळ १९५८ ते १९६१ दरम्यान त्यांना बारापासॉरस या प्रचंड डायनासोरची हाडं मिळाली. त्याच संस्थेचे सोहनलाल जैन माशांच्या मागे लागले. १९७४ मध्ये त्यांनी कोट्याच्या थरातला 'इंडोसीलाकँथस' प्रसिद्ध केला आणि १९८३ मध्ये लेपिडोटसची नव्याने छाननी केली. डायनासोरचं नाव शाळकरी पोरांनाही ठाऊक असतं; मासा बिचारा मागेच राहिला.

साइक्स यांच्या जिवंत माशांना इथली नावं मिळाली, कोट्याच्या माशाला मात्र नुसतं 'डेक्कनेन्सिस', म्हणजे दख्खनचा. गावाचं नाव चिकटलं ते खडकाला. भूशास्त्रज्ञ त्या थरांना आजही 'कोटा फॉर्मेशन' म्हणतात.