बाबांचा ओटी आणि माझा शनिवार

माझे बाबा चिंचवडच्या एका कारखान्यात लेथवर होते. दिवाळी जवळ आली की त्यांचा 'ओटी' सुरू व्हायचा. बाबा रात्री उशिरा घरी यायचे, पण आमचे फटाके, आईची साडी आणि माझी पहिली सायकल त्या ओटीतूनच आली. १९४८च्या कारखाना कायद्यात दिवसाला ९ किंवा आठवड्याला ४८ तासांच्या वर काम केलं की कामगाराला दुप्पट दर होता.

पुढे मी इंजिनियर होऊन अमेरिकेत आलो. पहिल्याच मोठ्या रिलीजच्या आठवड्यात ६५ तास काम केलं. फोनवर बाबांनी कौतुकाने विचारलं, "मग ओटी किती झाला?" म्हटलं, "शून्य." त्यांना वाटलं, पोराला कोणीतरी फसवलं. खरं सांगायचं तर मलाही नीट उत्तर देता येईना. म्हणून मी हा इतिहास वाचायला घेतला.

इथला कायदा म्हणजे फेअर लेबर स्टँडर्ड्स ॲक्ट. महामंदीच्या काळात, २५ जून १९३८ रोजी अध्यक्ष रूझवेल्ट यांनी त्यावर सही केली. त्यामागे मजूरमंत्री फ्रान्सिस पर्किन्स या बाईंची मोठी खटपट होती. किमान वेतन ठरलं तासाला २५ सेंट. आठवड्याची मर्यादा आधी ४४ तास आणि १९४० पासून ४०. त्यावर दीडपट दर. यामागे केवळ जादा पैसे देण्याचा विचार नव्हता. जादा तास मालकाला महाग पडले की तो एकालाच राबवण्याऐवजी दुसऱ्या बेकाराला कामावर घेईल, हाही हिशोब होता.

पण सगळ्यांना हा नियम लागू नव्हता. अधिकारी, प्रशासकीय कामं करणारे आणि व्यावसायिक यांना सूट, म्हणजे ते 'एक्झेम्प्ट'. यांचा पगार चांगला, हातात अधिकार, त्यांना संरक्षण कशाला? गंमत अशी, की दुसऱ्या टोकाला शेतमजूर आणि घरकामगारही बाहेरच राहिले. घरकामगार १९७४ साली कायद्यात आले. शेतमजुरांना फेडरल कायद्याने दीडपट दर आजही नाही.

मग आपण संगणकवाले कुठे बसतो? १९३८ साली आपली जातच नव्हती! १९९० साली काँग्रेसने सिस्टिम्स ॲनालिस्ट, प्रोग्रॅमर वगैरेंना सूट द्यायला सांगितलं. तासावर काम करणाऱ्यांसाठी अट होती किमान वेतनाच्या साडेसहा पट दराची. ४.२५ डॉलरच्या किमान वेतनाने ती २७.६३ होते. १९९६ साली हाच आकडा कायद्यात लिहिला गेला आणि तो तिथेच गोठला. पगारदारांसाठी आठवड्याला ६८४ डॉलर ही २०२० पासूनची मर्यादा. २०२४ साली ती वाढवली होती, पण त्याच वर्षी टेक्सासच्या न्यायालयाने ती वाढ रद्द केली.

एक गोष्ट मात्र लक्षात ठेवा मंडळी. नुसत्या हुद्द्याच्या नावावर सूट ठरत नाही, प्रत्यक्ष काम काय ते बघतात. कार्डावर 'इंजिनियर' छापलं आणि दिवसभर हेल्प डेस्कवर पासवर्ड बदलून दिले, तर तो माणूस सहसा ओटीचा हक्कदार. आपल्या मुलांना पहिली नोकरी लागेल तेव्हा ऑफर लेटरमध्ये 'एक्झेम्प्ट' हा शब्द आहे का, आणि त्यांचं काम त्यात बसतं का, एवढं जरूर बघा.

हे सगळं मी बाबांना समजावून सांगितलं. ते थोडा वेळ गप्प राहिले. मग म्हणाले, "आमच्या साहेबाला माझा शनिवार महाग पडायचा, म्हणून तो विचारून बोलवायचा. तुझा शनिवार फुकट आहे रे."

माझा पगार बाबांच्या कितीतरी पट आहे. तरी या वाक्याला माझ्याकडे उत्तर नव्हतं. येत्या शनिवारी मंडळाच्या नाटकाची तालीम आहे. लॅपटॉप घरीच ठेवणार आहे.