केसर आंबा लावायचाय? मग कलमाआधी खड्डा नीट समजून घ्या

एप्रिल-मेमध्ये मराठवाड्यात पारा चाळिशी ओलांडतो. शेतं रिकामी असतात आणि नेमक्या याच दिवसांत काही ठिकाणी ओळीने चौकोनी खड्डे दिसायला लागतात. लागवड तर पावसाळ्यात होणार, मग एवढ्या उन्हात खड्डे कशाला?

मराठवाडा केसरला २०१६ मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं. कोकणातल्या हापूसच्या पायाखाली पाणी झटपट सोडणारी जांभ्या दगडाची लाल माती असते. मराठवाड्यात मात्र बऱ्याच ठिकाणी काळी माती आहे. ती पाणी प्यायली की फुगते, सुकली की भेगाळते. कापसाला चालते, आंब्याला तितकी नाही. म्हणून इथे खड्ड्याची तयारी हीच अर्धी लागवड.

उन्हाचं काम काय?

पारंपरिक शिफारस १ मीटर लांब, १ मीटर रुंद आणि १ मीटर खोल खड्ड्याची आहे. खणताना वरची फूटभर माती एका बाजूला, खालची दुसऱ्या बाजूला टाकायची. वरच्या मातीत सेंद्रिय अंश आणि जीवाणू जास्त असतात, भरताना तीच वापरायची. खालची पिवळट, चुनखडीची माती परत खड्ड्यात ढकलू नये.

खड्डा किमान तीन-चार आठवडे उघडा ठेवतात. कडक उन्हात मातीतल्या बुरशा, किडींचे कोष, हुमणीच्या अळ्या, तणांची मुळं बरीचशी मरतात. खत-औषधाचा एक पैसाही न घालता होणारं हे काम आहे. जूनमध्ये घाईघाईने खणलेल्या खड्ड्याला ते मिळत नाही.

पाण्याची परीक्षा

बहुतेक व्हिडिओ हा भाग गाळतात. भारी काळ्या जमिनीत खड्डा खणून त्यात भुसभुशीत माती आणि शेणखत भरलं, की तो खड्डा चक्क कुंडी होतो. आजूबाजूची घट्ट माती पाणी सोडत नाही, पावसाचं पाणी खड्ड्यात जमा होतं आणि मुळांना हवा मिळत नाही. झाड लगेच मरतंच असं नाही. वर्ष-दोन वर्षं हिरवं दिसतं, मग पिवळं पडत जातं.

त्यामुळे सगळे खड्डे खणण्याआधी एक-दोन खड्डे चाचणीसाठी खणा. काठोकाठ पाणी भरा. जिरलं की पुन्हा भरा आणि दुसऱ्या दिवशी बघा. २४ तासांनंतरही पाणी साचलेलंच असेल तर त्या जागी खड्डा पद्धत टाळलेली बरी. माती ओढून उंच गादीवाफे करा आणि कलम त्यावर लावा, पाणी बाजूच्या चरातून निघून जाईल. तळाशी मुरूम लागला आणि पाणी भराभर उतरलं, तर उत्तमच.

‘तळाशी दगड-विटा टाका, निचरा होतो’ हा सल्लाही खूप फिरतो. पण बारीक मातीतलं पाणी खालच्या मोठ्या पोकळ्यांत सहज उतरत नाही, वरची माती पूर्ण भिजेपर्यंत ती ते धरून ठेवते. शिवाय खड्ड्यालाच बाहेर वाट नसेल तर दगडांमध्ये पाणीच साठणार.

माती तपासणी, पण कुठली?

मृदा आरोग्य पत्रिकेसाठीचा नमुना साधारण १५ ते २० सेंटिमीटर खोलीचा असतो. ज्वारी-सोयाबीनला तो पुरतो. आंब्याची मुळं त्याच्या कितीतरी खाली जातात. म्हणून चाचणीच्या त्याच खड्ड्यातून ०-३०, ३०-६० आणि ६०-९० सेंटिमीटरचे वेगवेगळे नमुने घ्या. अहवालात सामू आणि मुक्त चुन्याचं प्रमाण आधी बघा. चुना जास्त असेल तर झाडाला लोह मिळत नाही. नवी पानं पिवळी आणि शिरा तेवढ्या हिरव्या दिसतात. एक घरगुती खूण: मातीवर व्हिनेगर टाकल्यावर ती फसफसली, तर चुना आहे. किती आहे, ते प्रयोगशाळाच सांगेल.

भरणी

मेअखेर, पावसाआधी खड्डा भरतात. तळाशी वाळका पालापाचोळा, त्यावर वरची माती, चार-पाच घमेली शेणखत आणि सिंगल सुपर फॉस्फेट यांचं मिश्रण. शेणखत पूर्ण कुजलेलंच हवं. कच्चं शेण हुमणी आणि वाळवीला बोलावणं धाडतं. पाऊस पडला की भर खाली बसते, म्हणून ती जमिनीपेक्षा अर्धा फूट वर ठेवायची. आधी एक-दोन चांगले पाऊस होऊन माती बसू द्या, मगच कलम लावा, आणि कलमाचा जोड मातीत गाडू नका.

वाळवीसाठी जुन्या पत्रकांत मिथिल पॅराथिऑनची भुकटी टाकायला सांगितलेलं आढळेल. केंद्राने २०१८ मध्ये बंदी घातलेल्या कीटकनाशकांत ते आहे. निंबोळी पेंड मिसळता येते, वाळवीचा त्रास मोठा असेल तर सहायक कृषी अधिकाऱ्यांना विचारा.

आणि पैशांचं गणित. १० बाय १० मीटर अंतरावर हेक्टरी १०० खड्डे होतात, ५ बाय ५ वर ४००. भाऊसाहेब फुंडकर फळबाग योजनेत अनुदान तीन वर्षांत ५०, ३० आणि २० टक्के असं टप्प्याटप्प्याने येतं. पुढचा टप्पा मिळायला ठरलेल्या प्रमाणात झाडं जिवंत असावी लागतात. खड्ड्यात पाणी साचून कलमं गेली, तर नुकसान कलमांच्या किमतीपुरतं राहत नाही.